पाण्याखालचा प्राणायाम

मालवणास जाऊन आलेल्या तरुण मंडळींच्या तोंडीं हल्लीं ‘स्कूबा’ हा शब्द वारंवार ऐकूं येतो. पाठीवर दाबलेल्या हवेची टाकी बांधून, नळीवाटे तोंडानें श्वास घेत पाण्याखालीं उतरावयाचें, हेंच तें साधन. कूस्तो व गान्याँ यांनीं तें १९४३ सालीं फ्रान्समध्यें सिद्ध केलें. सिंधुदुर्ग किल्ल्याच्या आसमंतांत पोहतां न येणाऱ्या नवशिक्यासहि मार्गदर्शक धरून खालीं नेतो. साठी उलटल्यावर, डॉक्टरांच्या अनुज्ञेनें, मींहि तेथें प्रवाळ व रंगीबेरंगी मासे पाहिले.

संध्या करणाऱ्यांच्या मनांत पूरक, कुंभक, रेचक हा क्रम ठसलेला असतो. वाचकहो, येथें मात्र कुंभक सर्वथा वर्ज्य! दहा मीटर खोलीवर दाब पृष्ठभागाच्या दुप्पट असतो. तेथें छातींत कोंडलेली हवा वर येतांना दुप्पट फुगूं पाहते व फुप्फुसांस इजा होते. यास्तव श्वासोच्छ्वास अखंड चालूं ठेवावा, आणि वर येणें तें सावकाश.

उतरतांना कान दुखूं लागण्यापूर्वींच नाक चिमटींत धरून हलकेच फुंकावें. अंगठा उंचावणें म्हणजे ‘ठीक’ नव्हे, तर ‘वर चला’. ‘ठीक’ सांगण्यास ज्ञानमुद्रेप्रमाणें अंगठा व तर्जनी जुळवावी. दमा, हृदयविकार किंवा कानाची व्यथा असणाऱ्यांनीं डॉक्टरांस आधीं विचारावें.

घरांतील तरुणांस अनुज्ञा देतांना वडीलधाऱ्यांनीं त्यांच्याकडून एवढें एकच वचन घ्यावें: पाण्याखालीं श्वास कोंडणार नाहीं.