जुन्नर-आंबेगाव वनप्रदेशातील वृक्षतोड

पुणे जिल्ह्यातील जुन्नर व आंबेगाव या तालुक्यांच्या पश्चिम भागात सह्याद्रीच्या माथ्यालगत निमसदाहरित वने आढळतात. अंजनी, जांभूळ, पारजांभूळ, हिरडा व आंबा हे त्यांतील प्रमुख वृक्ष होत. इमारती लाकूड, कोळसा आणि भातशेतीतील राब यांसाठी या वनांची दीर्घकाळ तोड होत आली.

वृक्षतोडीच्या परिणामांची नोंद ठेवणाऱ्यांपैकी अलेक्झांडर गिब्सन (१८००–६७) हा एक आद्य निरीक्षक होय. जुन्नर तालुक्यातील हिवरे येथील सरकारी वनस्पती उद्यान त्याच्या देखरेखीखाली होते. १८४७ मध्ये तो मुंबई इलाख्याचा पहिला वनसंरक्षक झाला. डोंगरउतार उघडे पडले की झरे आटतात, हे त्याने दक्षिण कोकणातील उदाहरणांवरून शासनाच्या निदर्शनास आणले होते.

तोडीमुळे वन नाहीसे होतेच असे नाही; पुष्कळदा त्याचे स्वरूप पालटते. छत्र विरळ होताच ऊन व वारा जमिनीपर्यंत पोहोचतात आणि सावलीत वाढणारी रोपे मरतात. अंजनीसारख्या वृक्षांच्या खुंटांना धुमारे फुटून ठेंगणी, अनेक खोडांची झाडी बनते. मोकळ्या उतारांवर कारवी व गवत माजते, तर पावसाने माती वाहून जाते. फळांना बाजार असल्यामुळे हिरडा पुष्कळ ठिकाणी राखला गेला. त्यामुळे दुरून हिरवी दिसणारी झाडी मूळ वनाइतकी विविध असतेच असे नाही. फांद्यांवरून संचार करणाऱ्या शेकरूला सलग छत्र लागते. ते तुटल्यास त्याचा अधिवास खंडित होतो.

मूळ वन कसे होते, हे समजण्याचे महत्त्वाचे साधन म्हणजे देवराया. आंबेगावातील आहुपे व जुन्नरमधील दुर्गवाडी येथील देवराया या भागात प्रसिद्ध आहेत. देवाच्या धाकाने त्यांत कुऱ्हाड चालत नसे; म्हणून तेथे जुने वृक्ष व प्रचंड वेली टिकल्या. माधव गाडगीळ व वा. द. वर्तक यांनी महाराष्ट्रातील देवरायांची पाहणी करून १९७५–७६ मध्ये त्यांच्या रक्षणाची निकड मांडली. १९८५ मध्ये घोषित झालेल्या भीमाशंकर अभयारण्यात आंबेगाव तालुक्याचा काही भाग येतो.

देवराई तुटल्यास काही वृक्षांचीच हानी होते असे नाही. भोवतालच्या उजाड उतारांना बी पुरविणारा साठा व झालेली हानी मोजण्याचे परिमाण ही दोन्ही तिच्याबरोबर नष्ट होतात.