कोर्वात आउकी : हेलसिंकीतली नव्या संगीताची मंडळी

‘कोर्वात आउकी’, म्हणजे ‘कान उघडे’, ही संस्था १९७७ साली हेलसिंकीत सुरू झाली. एरो हामेनिएमी, माग्नुस लिंडबर्ग, काइया सारिआहो, एसा-पेक्का सालोनेन, योउनी काइपाइनेन ही संस्थापक मंडळी, सगळी सिबेलियस अकादमीतली विद्यार्थी. बरेचजण पावो हाइनिनेन या कडक शिस्तीच्या गुरूकडे शिकलेले. फिनलंडमध्ये तेव्हा राष्ट्रीय ऑपेराचा बोलबाला होता. आउलिस सालिनेनचा ‘घोडेस्वार’ हा ऑपेरा १९७५ मध्ये सावोनलिनाच्या किल्ल्यात गाजला होता. युरोपात मात्र बुलेझ, स्टॉकहाउझेन, झेनाकिस असे रचनाकार कुठच्या कुठे पोचले होते आणि ते संगीत घरी ऐकायला मिळत नाही, ही या तरुणांची तक्रार होती. त्यावर त्यांनी मैफली, व्याख्याने, चर्चा असा धडाका लावला. या मंडळींची शैली एक नव्हती. एक होती ती चीड.

रचना लिहिल्या तरी वाजवणार कोण, हा प्रश्न उरलाच. सालोनेन संचालनाकडे वळला तो मुळात या गरजेपोटी. १९८० च्या सुमारास लिंडबर्ग आणि त्याने ‘तोइमी’ हा वादकसंच उभा केला. चेलोवादक आन्सी कार्टुनेन आणि क्लॅरिनेटवादक कारी क्रीक्कू त्यात होते. रचनाकार आणि वादक एकाच खोलीत बसून वाद्यातून काय काय निघते ते तपासत.

त्या खटपटीचे सर्वात दणदणीत फळ म्हणजे लिंडबर्गची ‘क्राफ्ट’ (१९८३–८५). मोठा वाद्यवृंद आणि पुढे एकल वादक म्हणून तोइमीच. बर्लिनमध्ये ऐकलेल्या ‘आइनश्ट्युरत्सेन्दे नॉयबाउटेन’ या गटाच्या लोखंडी दणक्याचा तिच्यावर ठसा आहे. वादक पियानो, चेलो सोडून उठतात, सभागृहात फिरतात, भंगारातल्या पत्र्या-नळ्यांवर घाव घालतात. श्रोता चहूबाजूंनी आवाजात सापडतो. भंगार जिथे प्रयोग तिथलेच धुंडाळायचे, हा रिवाजच पडला. २०१० मध्ये न्यूयॉर्क फिलहार्मोनिकच्या वादकांना त्यासाठी स्टेटन आयलंडचे भंगारखाने पालथे घालावे लागले. निव्वळ गोंगाट म्हणून ही रचना झटकून टाकता येत नाही, कारण त्या धडधडीखाली स्वरसंगतींचा हिशेब पक्का आहे. तिला १९८८ मध्ये नॉर्डिक परिषदेचे संगीत पारितोषिक मिळाले.

पुढे वाटा फुटल्या. सारिआहो पॅरिसच्या ‘इरकाम’ केंद्रात संगणकाकडे वळली. तिचा ‘लामूर द ल्वँ’ हा ऑपेरा २००० मध्ये साल्झबुर्गला सादर झाला आणि २०१६ मध्ये न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन ऑपेरात आला. त्या संस्थेत स्त्री-रचनाकाराचा ऑपेरा त्याआधी १९०३ सालीच झाला होता. २०२३ मध्ये तिचे निधन झाले. सालोनेनने १९९२ ते २००९ लॉस एंजेलिस फिलहार्मोनिक हा वाद्यवृंद सांभाळला. हामेनिएमी तर थेट कर्नाटक संगीत आणि तमिळकडे आला. गायिका बॉम्बे जयश्री यांच्यासाठीही त्याने रचना केल्या.

१९८३ चा ‘अवांती!’ हा वाद्यवृंदही याच वर्तुळातला. ‘कोर्वात आउकी’ आजही चालू आहे आणि तरुण रचनाकारांच्या नव्या कृती मंचावर आणते.