आधी पाणी, मग निखारा

माळव्यात बाटी थेट निखाऱ्यावर जाते, पण बाफला नाही. त्याचा कणकेचा गोळा आधी उकळत्या पाण्यात शिजवतात आणि मगच कंड्यांवर, म्हणजे गोवऱ्यांवर, भाजतात. शिंदेशाहीपासून उज्जैनला मराठी घरं आहेत आणि त्यांनी बाफला केव्हाच आपलासा केला. माधव नगरातल्या माझ्या स्वयंपाकघरात सुका घेवडा तासन्‌तास मंद आचेवर ठेवते, तेव्हा मी हाच क्रम पाळते.

भाजलेल्या शेंगांचं म्हणाल तर रायगडची पोपटी आपल्या घरचीच आहे. थंडीत वालाच्या कोवळ्या शेंगा, मीठ आणि ओवा मडक्यात भरतात, भांबुर्ड्याचा पाला दाबतात, मडकं उपडं ठेवून भोवती जाळ करतात. पाण्याचा थेंबही लागत नाही, कारण ओल्या शेंगेत तिचं स्वतःचं पाणी असतं. सुक्या दाण्यात ते नसतं. म्हणून पोपटीची रीत घेवड्याला जशीच्या तशी लावता येत नाही.

आणि इथे प्रश्न नुसत्या चवीचा नाही. राजमा, घेवडा हे मूळचे अमेरिका खंडातले. त्यांच्या कच्च्या दाण्यात, विशेषतः लाल राजम्यात, फायटोहिमॅग्लुटिनिन नावाचं विषारी प्रथिन असतं. चार-पाच कच्चे दाणेही उलट्या-जुलाबांना पुरतात. ८० अंशांच्या आत नुसतं उबेत ठेवलं, तर हा विषारीपणा कमी होण्याऐवजी कित्येक पट वाढू शकतो. विजेच्या स्लो कुकरमध्ये भिजवलेला राजमा तसाच टाकून निजणं म्हणूनच धोक्याचं. अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनाचा सल्ला स्पष्ट आहे: किमान ५ तास भिजवा, ते पाणी फेका, ताज्या पाण्यात किमान ३० मिनिटं खळखळ उकळा. मंद आच त्यानंतर.

मी साताऱ्याच्या कोरेगावचा वाघ्या घेवडा मिळाला तर तोच घेते. अंगावर पट्टे असलेल्या या घेवड्याला २०१६ साली भौगोलिक मानांकन मिळालं. पाव किलो घेवडा रात्री चमचाभर मीठ घातलेल्या पाण्यात भिजवायचा. मीठ दाणा कडक करतं, हा समज सोडून द्यावा. उलट त्यातलं सोडियम सालीतल्या कॅल्शियम-मॅग्नेशियमची जागा घेतं आणि साल मऊ पडते. बोअरच्या जड पाण्यात डाळ शिजता शिजत नाही, त्याचं कारणही हेच कॅल्शियम. म्हणून पाणी फिल्टरचं.

अर्धा तास उकळी झाली की आच कमी करायची. चमच्यात चार दाणे घेऊन फुंकर घालावी: साल सुरकुतून सुटली आणि दाणा बोटांत सहज चेपला, की तो पुढच्या कामाला तयार. त्याआधी चिंच, गूळ, टोमॅटो यांतलं काहीही घालू नये. आंबट पदार्थ पेशींना घट्ट धरून ठेवतो आणि गुळातल्या कॅल्शियमचंही तेच. बोस्टनचे लोक घेवड्यात उसाची काकवी आणि खारवलेलं डुकराचं मांस घालून शनिवारच्या भट्टीत ठेवत, तेव्हा हीच अडचण कामी येई: मऊ झालेला दाणा काकवीमुळे अनेक तास अख्खा राहतो. आपल्याला काकवीऐवजी गूळ आहेच.

मग तेलात मोहरी, हिंग, भरपूर कांदा. त्यावर टोमॅटो, चिंचेचा कोळ, गूळ आणि गोडा मसाला. हे सगळं घेवड्यासकट मातीच्या हंडीत, दाण्यांच्या वर बोटभर पाणी ठेवून. झाकणाच्या कडेला कणीक लावायची आणि हंडी १५० अंशांच्या ओव्हनमध्ये ३ तास ठेवायची. बाफल्यांचे निखारे उरले असतील, तर हंडी त्यांत पुरावी, पण निखारा विझत जातो, म्हणून दोन-चार कंडे मधूनमधून घालत राहावे. दीड तासानंतर कणीक फोडून पाणी पाहावं. आटलं असेल तर उकळतंच घालावं, गार नव्हे.

वेळ नसेल तर भिजवलेला घेवडा खुशाल कुकरला लावा. तिथलं तापमान १०० अंशांच्या वर जातं, त्यामुळे विषाची काळजी मिटते. मसाल्यासकट एक तास हंडीत मुरला, तरी रस दाट होतो आणि ज्वारीच्या भाकरीशी तो उत्तम लागतो.