जमिनीचे कज्जे, लेखांक 6 : निशाणी 5 चा अर्ज

ऊस तोडणीला आला आहे, टोळी फडात उतरायची आहे, आणि वाटेवरच्या गटवाल्याने गाडीवाटेत रातोरात चर मारला आहे. अशा वेळी शेतकरी तालुक्याच्या कोर्टात जातो तो 'स्टे आणायला'. दाव्याचा निकाल यथावकाश लागेल. ऊस मात्र याच महिन्यात बाहेर पडला पाहिजे. दाव्याबरोबर दिल्या जाणाऱ्या तात्पुरत्या मनाईच्या अर्जाला महाराष्ट्रातल्या कोर्टांत सहसा निशाणी 5 हा क्रमांक पडतो. जमिनीच्या कित्येक भांडणांत खरी झुंज या अर्जावरच होते.

दिवाणी प्रक्रिया संहिता, 1908 मधील आदेश 39 चे नियम 1 आणि 2 हा त्याचा आधार. न्यायाधीश तीन गोष्टी पाहतात : दाव्यात प्रथमदर्शनी तथ्य आहे का, मनाई दिल्याने किंवा नाकारल्याने कोणाची गैरसोय जास्त होईल, आणि पैशाने भरून न येणारे नुकसान संभवते का. मालकीचा अंतिम निर्णय इथे होत नाही. दाव्याच्या दिवशी कब्जा कोणाचा, वहिवाट कोणाची, यावर भर असतो.

बांधाच्या भांडणात घोडे इथेच अडते. शेजारी दर हंगामात वीतभर बांध कोरतो, अशी वादीची तक्रार. 'मी माझ्याच रानात नांगरतो', हे शेजाऱ्याचे उत्तर. दोघांच्याही हातात सातबारा असतो, पण सातबाऱ्यावर क्षेत्र असते, हद्दीची रेषा नसते. ती दिसते भूमी अभिलेख कार्यालयाच्या मोजणी नकाशात, म्हणजे 'क' प्रतीत. नकाशाविना नुसती 'वादीच्या गटात हरकत करू नये' अशी मनाई मिळाली, तर गट कुठे संपतो हा वाद जागच्या जागी राहतो. त्यामुळे आधी मोजणी आणणे किंवा आदेश 26, नियम 9 खाली कोर्ट कमिशनर मागणे, हे वकिलाच्या सोयीचे नव्हे तर शेतकऱ्याच्या गरजेचे काम आहे.

वाटेचे दुखणे वेगळे. चर आधीच खणलेला असेल तर 'अडथळा करू नका' या हुकमाने गाडी हलत नाही. 'चर बुजवा' असाच आदेश लागतो. असा आदेश कोर्ट सहजी देत नाही. मुंबईतल्या एका कुटुंबाच्या घराचा अविभक्त हिस्सा बाहेरच्या माणसाला विकल्याच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 1990 मध्ये निकष घालून दिला : वादीची बाजू नेहमीपेक्षा भक्कम हवी, आणि हेतू वादापूर्वीची शेवटची निर्विवाद स्थिती परत आणण्याचा हवा.

शेतवाटेसाठी तहसीलदाराचे दार अनेकदा जवळचे ठरते. मामलेदार न्यायालय अधिनियम, 1906 चे कलम 5 वहिवाटीच्या रस्त्यातला अडथळा काढायला सांगते, पण अडथळा झाल्यापासून सहा महिन्यांच्या आत अर्ज हवा. रस्ताच नसेल आणि बांधावरून नवा हवा असेल, तर महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, 1966 चे कलम 143. या दोन कलमांची गल्लत झाली की अर्ज फेटाळला जाण्याची पाळी येते, आणि तोवर सहा महिने उलटून गेलेले असतात.

दुसऱ्या बाजूचाही विचार हवा. आदेश 39 च्या नियम 3 प्रमाणे विरुद्ध पक्षाला नोटीस देणे हा नियम आहे, एकतर्फी मनाई हा अपवाद. ती देताना कारणे नोंदवावी लागतात. हे बंधन पाळायलाच हवे, असे सर्वोच्च न्यायालयाने दिल्लीतल्या अनधिकृत बांधकामांच्या प्रकरणात बजावले. शिवाय नियम 3अ म्हणतो, 30 दिवसांत अर्ज निकाली काढण्याचा प्रयत्न व्हावा. प्रत्यक्षात तारखांवर तारखा पडतात, आणि एकतर्फी मनाईखाली एखाद्याची पेरणी हुकते. हा अन्यायच आहे, मग शेवटी दावा कोणीही जिंको. दाव्याची कुणकुण लागलेल्याने कलम 148अ खाली कॅव्हेट दाखल करावे. ते 90 दिवस टिकते आणि आपले म्हणणे ऐकून घेतल्याशिवाय सहसा मनाई होत नाही. मनाई मिळालीच, तर ती उठवण्यासाठी नियम 4 आहे, अपिलाची वाटही आहे.

आणि हुकूम झाल्यावरही कोणी जेसीबी घेऊन बांधावर आला तर? नियम 2अ खाली त्याची मालमत्ता जप्त होऊ शकते, तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैदही होऊ शकते. त्यासाठी फोटो, पंचनामा आणि मनाईची माहिती त्याला होती याचा पुरावा वेळीच गोळा करून ठेवावा लागतो.