पडदे रंगवणारे दिग्दर्शक : बाबूराव पेंटर

बाबूराव पेंटर यांची ओळख करून देताना दिग्दर्शक, चित्रकार, शिल्पकार, यंत्रकार अशी बिरुदं एकापुढे एक मांडली जातात. गेली कित्येक वर्षं त्यांच्याविषयी हाती लागेल ते वाचत आलो आणि माझं मत पक्कं झालं : हा माणूस जन्मभर चित्रकारच होता. बाकीची कामं त्यांनी मनातलं चित्र पुरं व्हावं म्हणून अंगावर घेतली.

चरित्र थोडक्यात सांगतो. मूळ आडनाव मेस्त्री. जन्म कोल्हापूरचा, ३ जून १८९०. निधन १६ जानेवारी १९५४. मूकपटांनंतर ‘उषा’, ‘प्रतिभा’ असे बोलपटही केले.

माझा खरा जीव रमतो तो त्यांच्या नाटकाच्या पडद्यांपाशी. आनंदराव आणि बाबूराव हे मेस्त्री बंधू संगीत नाटक मंडळ्यांसाठी पडदे रंगवत. केशवराव भोसल्यांच्या ‘ललितकलादर्श’चे पडदे त्यांच्याच हातचे. सपाट कापडावर राजवाड्याची खोली दाखवायची, शेवटच्या रांगेतल्या माणसालाही महाल खरा वाटला पाहिजे, ही विद्या ज्याच्या हातात असते त्याला सावली कुठे पडते हे कुणी शिकवावं लागत नाही. बाबूरावांच्या सिनेमाची शाळा तीच, असं मला वाटतं.

पुढे दादासाहेब फाळक्यांचे चित्रपट पाहून दोघांनी स्वतःच कॅमेरा बनवायचं मनावर घेतलं. १९१६ साली आनंदराव गेले. काम अर्धवट राहिलं. ते बाबूरावांनी विष्णुपंत दामल्यांच्या साथीने १९१८ मध्ये तडीस नेलं. बाबूरावांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीला पैशाचं पाठबळ दिलं गायिका तानीबाई कागलकर यांनी. हे नाव आपण फार कमी घेतो. कोल्हापूरच्या चित्रपटसृष्टीच्या इतिहासात ते पहिल्या ओळीत हवं.

१९२०च्या ‘सैरंध्री’ या मूकपटात स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनीच केल्या. या चित्रपटाबद्दल लोकमान्य टिळकांनी बाबूरावांना ‘सिनेमा केसरी’ म्हणून गौरवलं. ‘सिंहगड’मध्ये (१९२३) त्यांनी कृत्रिम प्रकाश वापरला. एव्हाना रंगवलेल्या पडद्यांची जागा भरीव, उभ्या केलेल्या सेटनी घेतली होती. ज्यांनी पडदे रंगवून नाव कमावलं, त्यांनीच ते बाजूला सारले! आपली हातखंडा कला कुठे अपुरी पडते हे ओळखणारे कलावंत विरळा. चित्रणाआधी पात्रांची, पोशाखांची, हालचालींची रेखाटनं ते स्वतः करत. आज ज्याला स्टोरीबोर्ड म्हणतात, त्याच्याशी या सवयीचं जवळचं नातं आहे. पोस्टर आणि चित्रपटाची माहितीपुस्तिका यांतही त्यांचाच हात.

‘सावकारी पाश’ (१९२५) हा माझा खास जिव्हाळ्याचा विषय. मुख्यतः पुराणं आणि इतिहास यांवर सिनेमा चालत असताना बाबूरावांनी नारायण हरी आपट्यांची कथा घेऊन कर्जात बुडालेला शेतकरी पडद्यावर आणला. सावकार जमीन गिळतो, शेतकरी शहरात गिरणी कामगार होतो. तरुण शेतकरी झाले होते व्ही. शांताराम. हा मूकपट आज उपलब्ध नाही. १९३६ साली बाबूरावांनी हीच कथा बोलपट म्हणून पुन्हा केली. त्यातली अंधुक उजेडातली उदास झोपडी आणि कुत्र्याचं रडणं निर्माते जे. बी. एच. वाडिया यांच्या कायम लक्षात राहिलं. इतक्या मोजक्या साधनांत दुःख उभं करायला चित्रकाराचीच नजर लागते.

शांताराम, दामले, फत्तेलाल, धायबर ही मंडळी महाराष्ट्र फिल्म कंपनीतच घडली आणि १९२९ मध्ये बाहेर पडून त्यांनी ‘प्रभात’ ही चित्रपटसंस्था काढली. गुरूचं मोठेपण मी यातही मोजतो.

कोल्हापूरला गेलो की खरी कॉर्नरचा कॅमेरा स्तंभ आणि शिवाजी चौकातला बाबूरावांनी घडवलेला शिवाजी महाराजांचा अर्धपुतळा पाहिल्याशिवाय मी परतत नाही. तुम्हीही पाहा. त्यांचे बहुतेक मूकपट काळाच्या ओघात गेले आहेत. म्हणून कुणाच्या माळ्यावर जुनी माहितीपुस्तिका, पोस्टर किंवा छायाचित्र असेल, तर ते रद्दीत जाऊ देऊ नका. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला कळवा.