मान दिला, मैदान कधी देणार?

दृष्टिहीन माणसाला हाक मारताना आपल्या भाषांनी नेहमीच अदब राखली. मराठीने गुलाबराव महाराजांना ‘प्रज्ञाचक्षू’ म्हटले, हिंदीने ‘सूरदास’ हा शब्द दिला, तर उर्दू बोलणाऱ्या घरांत अंध व्यक्तीला ‘हाफिजजी’ म्हणण्याची रीत पडली. पाठांतर आणि गायन हेच त्यांचे क्षेत्र, असे सगळ्यांनीच धरून चालले. मान मिळाला, बसायला जागा मिळाली; धावायला मैदान मात्र मिळाले नाही.

ते त्यांना स्वतःच मिळवावे लागले. १९२२ मध्ये मेलबर्नच्या अंध कामगारांनी पत्र्याच्या डब्यात खडे घालून क्रिकेट सुरू केले. आज डब्याच्या जागी छर्रे भरलेला, खुळखुळणारा प्लास्टिकचा चेंडू आहे. गोलंदाज ‘रेडी?’ विचारतो, फलंदाजाचा ‘येस’ आला की ‘प्ले’ म्हणत खालच्या हाताने चेंडू टाकतो. संघात किमान चार खेळाडू पूर्ण अंध हवेत. त्यांच्या बॅटमधून निघालेली धाव दुप्पट धरतात. नोव्हेंबर २०२५ मध्ये कोलंबोत भारतीय मुलींनी नेपाळला हरवून अंध महिलांचा पहिला टी-२० विश्वचषक जिंकला, तो याच खेळात.

धावण्याच्या शर्यतीत धावपटू आणि वाटाड्या यांचे हात एका छोट्या दोरीने जोडलेले असतात. वाटाड्याने ओढायचे नाही, ढकलायचे नाही आणि शेवटची रेषा आधी ओलांडायचीही नाही. पॅरिस पॅरालिम्पिकमध्ये २०२४ साली सिमरन शर्माने २०० मीटरमध्ये कांस्यपदक मिळवले, तेव्हा तिच्या सोबत अभय सिंग असाच धावला.

गोलबॉल हा खेळ १९४६ मध्ये युद्धात दृष्टी गमावलेल्या सैनिकांसाठी निघाला. सव्वा किलोच्या चेंडूत घंट्या, सगळ्यांच्या डोळ्यांवर पट्टी आणि रेषा हाताला कळावी म्हणून खाली दोरी. चेंडू ऐकू यावा, एवढ्यासाठी प्रेक्षकांनी गोल होईपर्यंत गप्प राहायचे असते.

गल्लीतल्या अंध मुलाला आपण मायेने म्हणतो, “बाळ, तू इथेच बस, लागेल तुला.” त्या मायेतच त्याचे मैदान हिरावले जाते. त्याला एक वाजणारा चेंडू आणि आपली थोडी शांतता एवढेच हवे असते. पडला तर तोही इतर मुलांसारखाच गुडघे झटकून उठेल.