भावगीताचा पहिला आवाज: जी. एन. जोशी

क्यूबात 1883च्या सुमारास पेशाने शिंपी असलेल्या पेपे सांचेझ यांनी ‘त्रिस्तेसास’ रचलं आणि बोलेरो हा गिटारच्या साथीने गायचा विरहगीतांचा प्रकार रूढ झाला. मराठीत असा हळवा, घरगुती सूर आला तो भावगीतातून, तोही विदर्भातून.

गायक : जी. एन. जोशी (1909–1994). शिक्षण वकिलीचं, ओढ गाण्याची.

गाजलेलं गीत : ‘शीळ’. कवी ना. घ. देशपांडे; तेही वकील, मुक्काम मेहकर, जि. बुलढाणा. 1930च्या दशकाच्या सुरुवातीला तबकडी निघाली आणि घराघरांत पोचली. मराठीतलं पहिलं भावगीत म्हणून अनेक जण याच गाण्याकडे बोट दाखवतात.

वेगळेपण : नाट्यपदासारखा तानांचा पसारा नाही. 78 फेऱ्यांच्या तबकडीची एक बाजू जेमतेम तीन-साडेतीन मिनिटांची. तेवढ्यात कवितेचा शब्द न् शब्द कानी पडला पाहिजे.

जोडगाणी : गंगूबाई हनगल यांच्यासोबत, त्यांपैकी ‘चकाके कोर चंद्राची’ हे एक.

माइकच्या पलीकडे : पुढे एचएमव्हीत ध्वनिमुद्रण अधिकारी. अनेक दिग्गज गायकांच्या तबकड्या त्यांच्या देखरेखीखाली निघाल्या. शिवकुमार शर्मा, हरिप्रसाद चौरसिया आणि ब्रिजभूषण काबरा यांची 1967ची ‘कॉल ऑफ द व्हॅली’ ही त्यांचीच निर्मिती.

पुस्तकं : मराठीत ‘स्वरगंगेच्या तीरी’, इंग्रजीत ‘डाउन मेलडी लेन’ (1984). ध्वनिमुद्रणाच्या खोलीतले कलावंतांचे किस्से वाचायचे तर इथेच.